बँकेची ओपन पोझिशन शून्य असूनही डॉलर महागला की बँक गाळात कशी जाते?

कुतूहलराव
नमस्कार मंडळी, प्रश्न बेसिक आहे, हसू नका. सध्या १९९७ च्या आशियाई संकटाबद्दल वाचतोय आणि एका जागी गाडी अडलीये. सगळीकडे एकच गोष्ट सांगतात की बँकांनी डॉलरमध्ये उसने घेतले, देशाचं चलन पडलं, बँका बुडाल्या. पण बँकेने जेवढे डॉलर घेतले साधारण तेवढेच डॉलरमध्येच पुढे कर्जाने दिले असतील तर नेट ओपन पोझिशन (म्हणजे एका चलनातलं येणं वजा देणं) जवळपास शून्य झाली ना? देणंही डॉलरमध्ये, येणंही डॉलरमध्ये, मग डॉलर २५ चा ५० झाला काय नि १०० झाला काय, दोन्ही बाजू सारख्याच फुगणार, बँकेला फरक काय पडतो? आणि दुसरं म्हणजे थायलंड, कोरिया यांच्याकडे अब्जावधी डॉलरची गंगाजळी होती म्हणतात, मग ती ऐनवेळी कुठे गेली? कोणीतरी नीट उलगडून सांगा, लिंक नकोत, लिंक वाचून वाचूनच डोकं उठलंय.

ताळेबंद
पोझिशन शून्य आहे ती बँकेची. कर्जदाराची बघितली का?

बँकॉकमधला एक बिल्डर घ्या. त्याने बँकेकडून १० लाख डॉलर घेतले कारण बाटमधल्या (थायलंडचं चलन) कर्जापेक्षा व्याज बरंच कमी, आणि बाट तर वर्षानुवर्षं डॉलरला २५ च्या आसपास बांधलेला, त्यामुळे त्याच्या हिशेबात हे अडीच कोटी बाटचं स्वस्त कर्ज. ऑफिसच्या जागा बांधल्या, भाडं येतं बाटमध्ये. २ जुलै १९९७ ला बाट सोडून दिला आणि जानेवारी १९९८ मध्ये डॉलरचा भाव ५० च्याही वर गेला. कर्ज झालं पाच कोटींच्या वर, भाडं तेवढंच, खरं तर कमीच कारण निम्म्या इमारती रिकाम्या. तो देणार कुठून? म्हणजे बँकेच्या वहीत येण्याच्या बाजूला लिहिलेले १० लाख डॉलर आहेत ते नुसते लिहिलेले आहेत, आणि देण्याच्या बाजूचे १० लाख डॉलर परदेशी बँकेला खरेखुरे परत करायचे आहेत. चलनाची जोखीम बँकेने कर्जदाराच्या गळ्यात मारली आणि ती थकीत कर्ज हे नाव घेऊन परत आली. ओपन पोझिशनच्या रकान्यात हे कधीच दिसत नाही, कारण तो रकाना कर्जदार फेडणारच असं धरून चालतो.

थायलंडने तर १९९३ मध्ये बीआयबीएफ नावाची खास सोयच काढली होती, बाहेरून डॉलर आणा नि आत कर्जाने द्या. हे पैसे बहुतेक शॉर्ट टर्मचे. आणि बँकांपेक्षा फायनान्स कंपन्यांची हालत वाईट होती, १९९७ मध्ये ५८ कंपन्यांचे व्यवहार थांबवले आणि डिसेंबरमध्ये त्यातल्या ५६ कायमच्या बंद केल्या.

रातराणी२
ताळेबंद यांना +१. आणि हे फक्त कंपन्यांचं नाही हं, घरकर्जातही झालंय. हंगेरीत २००४ ते २००८ लोकांनी घरासाठी स्विस फ्रँकमध्ये कर्जं घेतली. पगार फोरिंटमध्ये, हप्ता फ्रँकमध्ये, का तर फोरिंटचं व्याज फार आणि फ्रँकचं अगदी थोडं. २००८ मध्ये एक फ्रँक साधारण १६० फोरिंटला मिळत होता. शेवटी २०१४ मध्ये सरकारने कायदा करून ही कर्जं फोरिंटमध्ये बदलायला लावली तेव्हा दर ठरला २५६ च्या आसपास. आता गणित करा, १ लाख फ्रँकचं कर्ज म्हणजे आधी १.६ कोटी फोरिंट, नंतर अडीच कोटींच्या वर, आणि मधली सहा वर्षं माणूस हप्ते भरतोय तरी फोरिंटमध्ये मोजलेली बाकी वाढतच चाललीये. घराची किंमत उलट खाली आलेली त्यामुळे विकूनही सुटका नाही. बँकांची वही मात्र फ्रँक विरुद्ध फ्रँक, एकदम चोख!

नशीब कसं बघा, कर्जांचा दर नोव्हेंबर २०१४ मध्ये पक्का झाला आणि १५ जानेवारी २०१५ ला स्विस सेंट्रल बँकेने युरोचा भाव १.२० फ्रँकच्या खाली न जाऊ देण्याची मर्यादा अचानक काढून टाकली, फ्रँक एका दिवसात उसळला. हंगेरीवाले दोन महिन्यांच्या फरकाने वाचले, पोलंडमधले फ्रँकवाले कर्जदार सापडले आणि तिकडचे खटले पुढे कित्येक वर्षं चालले.

उंटावरचा_शहाणा
एवढं पुराण कशाला. बाहेरचा पैसा आत घेऊच नका, विषय संपला. मलेशियाने १ सप्टेंबर १९९८ ला दारं लावली, रिंगिट ३.८० ला बांधला, परदेशी गुंतवणूकदारांना सांगितलं १२ महिने पैसे नेता येणार नाहीत. सगळे पंडित ओरडत होते की आता मलेशिया संपला. संपला का? २००५ पर्यंत तोच दर टिकला.

आणि सिलिकॉन व्हॅली बँक बुडाली २०२३ मध्ये तिथे कुठला परदेशी पैसा होता? बँका बुडतात त्या बँकवाल्यांमुळे.

सरळरेघ
शहाणे, तुमची दोन वाक्यं एकमेकांच्याच विरोधात आहेत, पण असो 😄

सिलिकॉन व्हॅली बँकेचं दुखणं वेगळं, तिथे चलन नाही तर व्याजदर. ठेवी कधीही काढता येणाऱ्या, त्यातल्या बहुतेक विम्याच्या मर्यादेबाहेरच्या, आणि पैसा गुंतवलेला लांब मुदतीच्या बाँडमध्ये. व्याजदर वाढले, बाँडचे भाव पडले, आणि ९ मार्चला एका दिवसात ४२ अब्ज डॉलर काढायला लोक आले. पण मुळाशी जे आहे ना, की द्यायचे पैसे उद्या आणि यायचे पैसे दहा वर्षांनी, ते इथेही तेच आणि बँकॉकमध्येही तेच. परदेशी पैशात फक्त आणखी एक अडचण वाढते, की मागणारा ज्या चलनात मागतोय ते तुमच्या सेंट्रल बँकेला छापता येत नाही.

मलेशियाचं म्हणाल तर तिने दारं लावली तोवर वादळाचा पहिला जोर ओसरला होता, म्हणून त्या उपायाने किती काम केलं यावर अजूनही भांडणं आहेत. मला स्वतःला चिलीचं उदाहरण जास्त पटतं. त्यांनी १९९१ पासून आत येणाऱ्या कर्जावर अट घातली, ठराविक हिस्सा, आधी २० टक्के मग ३० टक्के, सेंट्रल बँकेत बिनव्याजी ठेवायचा. एक वर्ष. म्हणजे तीन महिन्यांसाठी येणाऱ्याला हे फार महाग पडतं आणि दहा वर्षांसाठी येणाऱ्याला जाणवतही नाही. नंतरच्या बऱ्याच अभ्यासांचा सूर असा की पैसा एकूण फारसा घटला नाही पण शॉर्ट टर्मचा वाटा कमी झाला. मला वाटतं सगळा मुद्दा इथेच आहे. किती पैसा आला यापेक्षा तो कोणत्या रूपात आला, शेअर की कर्ज, तीन महिन्यांचं की दहा वर्षांचं, आणि चलनाचा फटका शेवटी कोणाच्या अंगावर बसणार. शेअरमध्ये आलेला परदेशी माणूस पळाला तर पडलेल्या भावाला विकून पडलेल्या चलनात घेऊन जातो, तोटा त्याचाच. कर्जवाला मात्र पूर्ण डॉलर मागतो.

कुतूहलराव
वा, पहिला प्रश्न सुटला. म्हणजे कर्जदाराची कमाई डॉलरमध्ये असेल, उदा. निर्यातदार, तर काही धोका नाही, बरोबर?

सरळरेघ
तिथेही गंमत आहे. कोरियाची जहाज बांधणारी कारखानदारी बघा, २००६-०७ मध्ये धो धो ऑर्डरी. डॉलर मिळणार पण दोन-तीन वर्षांत हप्त्याहप्त्याने. डॉलर पडेल या भीतीने त्यांनी ते येणारे डॉलर आजच बँकांना फॉरवर्डमध्ये (म्हणजे भाव आज ठरवायचा, डॉलर नंतर द्यायचे) विकून टाकले. शहाणपणाचंच काम केलं. आता बँकेकडे भविष्यातले डॉलर आले, तिला तोल साधायचा म्हणून तिने परदेशातून आज डॉलर उसने घेतले नि ते विकून वॉनमध्ये गुंतवले. कर्जदार सुरक्षित, बँकेची चलन पोझिशन शून्य, सगळे नियमात. पण उसने घेतलेले डॉलर शॉर्ट टर्मचे आणि जहाजाचे डॉलर यायला तीन वर्षं. २००८ च्या सप्टेंबरनंतर रोलओव्हर (मुदत संपलेलं कर्ज पुढे चालू ठेवणं) बंद झाला आणि सगळे एकदम डॉलर शोधायला धावले. गंगाजळी २०० अब्जांच्या वर होती तरी वॉन कोसळला आणि थोडा श्वास आला तो २९ ऑक्टोबरला अमेरिकेच्या फेडने (तिथल्या सेंट्रल बँकेने) ३० अब्ज डॉलरची स्वॅप लाइन दिली तेव्हा, म्हणजे वॉनच्या बदल्यात तात्पुरते डॉलर घ्यायची सोय. त्यातून शिकून त्यांनी २०१० मध्ये फॉरवर्ड पोझिशनवर भांडवलाच्या प्रमाणात मर्यादा घातली आणि २०११ मध्ये बँकांच्या परकीय चलनातल्या उसनवारीवर लेव्ही (एक प्रकारचा कर) बसवली, जितकी मुदत कमी तितकी लेव्ही जास्त.

ताळेबंद
गंगाजळीचा प्रश्न राहिलाय म्हणून मी घेतो, कारण हा किस्सा मला फार आवडतो (आवडतो म्हणजे भयानक आहे). थायलंडची गंगाजळी १९९७ च्या मध्यावर कागदावर ३० अब्ज डॉलरच्या वर दिसत होती. पण सेंट्रल बँकेने बाट वाचवायला डॉलर फॉरवर्डमध्ये विकून ठेवले होते, म्हणजे डॉलर आज तिजोरीत आहेत पण काही महिन्यांनी द्यायचे कबूल केलेत. कबूल केलेला आकडा २० अब्जांच्या वर. तो छापील गंगाजळीतून वजाच होत नव्हता. प्रत्यक्षात हात घालायला उरले होते थोडेसे अब्ज.

कोरियाने त्याच वर्षी वेगळीच तऱ्हा केली. गंगाजळीतले डॉलर आपल्याच बँकांच्या परदेशी शाखांमध्ये ठेव म्हणून ठेवले, कारण त्या शाखांना बाहेर कोणी उसने देईना. आता ती ठेव परत मागितली तर आपलीच बँक बुडते. आकडा आहे, वापरता येत नाही. शेवटी नाताळच्या सुमारास मोठ्या परदेशी बँकांना एकत्र बसवून रोलओव्हरला तयार केलं आणि जानेवारीत ती शॉर्ट टर्म कर्जं १ ते ३ वर्षांची करून घेतली, वर सरकारची हमी. खासगी बँकांचं देणं असं सरकारच्या माथी आलं.

आणि बँका देशापेक्षाच मोठ्या झाल्या तर गंगाजळी कितीही असून नसल्यासारखीच. आइसलँडच्या तीन बँकांची मालमत्ता देशाच्या जीडीपीच्या नऊ-दहा पट होती, त्यातलं बरंचसं परकीय चलनात. ऑक्टोबर २००८ मध्ये एका आठवड्यात तिन्ही गेल्या. त्यांची सेंट्रल बँक क्रोना हवे तेवढे देऊ शकत होती, पण क्रोना मागत कोण होतं?

रातराणी२
आणि तिथेही दारं लावावी लागलीच, नोव्हेंबर २००८ ते मार्च २०१७. शहाणे खूश होतील.

उंटावरचा_शहाणा
झालो 😎

कुतूहलराव
मस्तच. एक शेवटचं विचारतो मग पिडत नाही. कुठल्याही देशाकडे बघताना शॉर्ट टर्म परदेशी कर्ज आणि गंगाजळी एकमेकांसमोर ठेवून पाहिलं तर काम भागेल का?

ताळेबंद
सुरुवात म्हणून उत्तम. एका वर्षात फेडायचं परदेशी कर्ज गंगाजळीपेक्षा कमी असावं हा जुना ठोकताळाच आहे, १९९७ नंतर बहुतेक देश तोच पाहतात. पण त्या कर्जाच्या आकड्यातही भोक आहे. परदेशी कर्जाची नेहमीची आकडेवारी कर्ज घेणारा कुठल्या देशात बसलाय त्यावरून मोजतात. मग कंपनीने दुसऱ्या देशात उपकंपनी काढून तिच्या नावाने डॉलर बाँड विकले, हमी मूळ कंपनीचीच, तर ते कर्ज त्या दुसऱ्या देशाच्या खात्यात दिसतं. पैसे घरी आणून बँकेत ठेव केली की बँकेला वाटतं कॉर्पोरेट ठेवी वाढल्या, आणि बाहेर बाँड फेडायची वेळ आली की तीच ठेव सगळ्यात आधी पळते. म्हणून बासेलची बीआयएस (जगभरच्या सेंट्रल बँकांची बँक) बाँडचे आकडे दोन्ही प्रकारे छापते, राहत्या देशाप्रमाणे आणि मूळ कंपनीच्या राष्ट्रीयत्वाप्रमाणे. ते दोन्ही काढा आणि आधी त्यातला फरक बघा.