काल्पनिक धर्मग्रंथात पाठभेद पाहिजेतच
अरे, सात बेटांवर आठशे वर्षं तोच ग्रंथ एका अक्षराचाही फरक न होता चालत आला असं तू तुझ्या कादंबरीत दाखवलंयस ना, तिथेच माझी गाडी अडली. बाकी ते मिठाच्या समुद्रातून सृष्टी वगैरे झकास. पण हाताने नक्कल करणारा माणूस चुकणारच ना! मी वडोदऱ्याचा, आमच्या प्राच्यविद्या मंदिरात वाल्मीकी रामायणाची चिकित्सक आवृत्ती झाली, 1960 ते 1975, सात खंड, आणि काम काय तर ठिकठिकाणच्या पोथ्या समोर ठेवायच्या, श्लोक न् श्लोक ताडून बघायचा आणि पाठभेद, म्हणजे पोथीपोथीतले शब्दांचे फरक, खाली टिपेत द्यायचे. उत्तरेचा पाठ वेगळा, दक्षिणेचा वेगळा. तुला इथेच प्लॉट मिळेल बघ, दोन बेटांच्या पोथ्यांत एकच शब्द वेगळा आणि त्यावरून ठरलेली लग्नं मोडतायत.

आणि नक्कलकाराला पण बोलू दे यार. जुन्या पोथ्यांच्या शेवटी असतं ना, यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया, म्हणजे जसं दिसलं तसं उतरवलं, मला दोष देऊ नका (मला तर हे ऑफिसच्या प्रत्येक ईमेलखाली टाकावंसं वाटतं). एकनाथांनी शके 1506 मध्ये ज्ञानेश्वरी शुद्ध केली तेव्हा बजावलंच, यात कोणी आपली ओवी घातली तर अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे नारळाची करवंटी, ठेवल्यासारखं. म्हणजे लोक घालत होते! तू पण असा एक शाप टाक, आणि पुढच्याच पानावर एक घुसवलेली ओवी. कोणती ते सांगू नकोस.