आठवण ‘येते’, विसर ‘पडतो’. मग त्या राज्याला म्हणायचं काय?

नौपाडा, ठाणे:

माझ्या नातीला रोज रात्री गोष्ट लागते. सध्या चालू आहे ती मीच रचतेय. माणसं जे जे विसरतात ते सगळं एका राज्यात जाऊन साठतं, अशी ती गोष्ट आहे. कुणाला पहिलीच्या बाईंचं नाव आठवत नाही, कुणाला पाडलेल्या चाळीतल्या खोलीचा नंबर, कुणाला आईच्या अंगाईची दुसरी ओळ. तिथे एक राखणदार बाई आहे. आलेली प्रत्येक गोष्ट ती उन्हात वाळवते आणि घडी घालून ठेवते. परवा मी त्या राज्याला ‘विस्मृतिलोक’ म्हटलं. ८ वर्षांची मुलगी लगेच म्हणाली, “आजी, असं कोण बोलतं?”

खरं आहे, कोणीच बोलत नाही. मग ‘हरवलेल्या आठवणींचा देश’ म्हणून पाहिलं, तर ते मलाच खटकलं. ‘छत्री हरवली’ आणि ‘छत्री विसरले’ यांत केवढा फरक आहे! हरवलेल्या छत्रीचा पत्ता नसतो. विसरलेली छत्री मात्र कुठेतरी असते, गाडीत, वाण्याकडे, नाहीतर नणंदेच्या दारामागे. मराठीत वस्तू ‘विसरली’ म्हटलं की ती मागे राहिली आहे, जाऊन आणता येईल, एवढी आशा त्यात राहते. ‘गमावली’ म्हणताना आपली चूक बोलते. ‘हरपलं’ हे तर भानाबद्दल किंवा डोक्यावरच्या छत्राबद्दल म्हणतात, त्यातून परत येणं नाही. माझ्या गोष्टीतल्या वस्तू तिथे नीट, शाबूत आहेत. त्या विसरलेल्याच असायला हव्यात.

पण ‘विसरलेली आठवण’ म्हणायला जीभ अडते. आठवतं म्हणून तर ती आठवण. विसरल्यावर ती आठवण कशी उरेल? नाव विसरतो, चेहरा विसरतो, चाल विसरतो. ‘मी तुझी आठवण विसरले’ असं कोणी म्हणत नाही.

त्यात नातीनं विचारलंय, “आठवण येते म्हणजे कुठून येते?” या प्रश्नापाशी मी चार दिवस अडकले आहे. शब्द सुचवा.

कोपरी, ठाणे पूर्व:

नातीचा प्रश्न थेट व्याकरणातला आहे. ‘मला आठवलं’ म्हणतो तेव्हा ‘मी’ कर्ता नसतो. आठवण आपल्याकडे चालत येते. ‘मी विसरले’ म्हणताना मात्र कर्ता आपण. आणखी एक बघा. ‘तिने डबा हरवला’ हा कर्मणी प्रयोग, पण ‘ती डबा विसरली’ हा कर्तरी. डबा कर्म असूनही क्रियापद डब्याच्या मागे न जाता तिच्याच मागे जातं. मुलांना शिकवताना हे एक वाक्य मी पुनःपुन्हा फळ्यावर लिहीत असे, कारण ‘तिने डबा विसरला’ असं सर्रास कानावर येतं.

पण ‘मला विसर पडला’ म्हटलं की आपण पुन्हा कर्तेपणातून सुटतो. अंधार पडतो, सावली पडते, भूल पडते, तसा विसर पडतो. वरून काहीतरी येऊन मनावर बसतं, त्यात कोणाचा दोष नसतो. तुकोबांनी ‘तुझा विसर न व्हावा’ म्हटलं, म्हणजे विसर ‘होतो’सुद्धा; आज मात्र ‘पडतो’च जास्त ऐकू येतं. तुमच्या राज्याला ‘विसर’ हाच शब्द जोडा. त्याची जुनी जोडी ‘आठव’. दोन्ही पुल्लिंगी, दोन्ही तीन अक्षरांत उरकणारे.

वाशी:

विसर आणि विसर्जन एकाच मुळातले का? तसं असेल तर गणपतीवरून छान नाव सुचेल.

कोपरी, ठाणे पूर्व:

नाही हो. विसर्जन ‘सृज्’ला ‘वि’ लागून झालेलं, म्हणजे सोडून देणं. विसर आला ‘स्मृ’ला ‘वि’ लागून: संस्कृत विस्मृ, प्राकृत वीसर, मग आपलं विसरणं. हिंदीतलं बिसरनाही तेच. त्याच ‘स्मृ’च्या घरातली ‘सय’: स्मृति, सइ, सय. ‘म’ वाटेत गळाला. म्हणजे विसर आणि सय ही सख्खी भावंडं आहेत, दिसत नाहीत एवढंच.

ठाणे, वर्तकनगर:

‘विसरवाडी’ म्हणा, मुलांना आवडेल. पण त्या नावाचं खरं गाव नंदुरबार जिल्ह्यात नवापूर तालुक्यात आहे. तिथल्या माणसांना कसं वाटेल, हा विचार करा.

घणसोली:

आमच्या घरी ‘विसरले’ कोणी म्हणत नसे. आजी ‘इसरले’ म्हणायची. विहिरीची इहीर, विस्तवाचा इस्तव, तसंच हे. शाळेत त्यावरून बोलणी खाल्ली आणि मी तो शब्द सोडला. आता आजी नाही. ‘इसरले’ हा उच्चार मनात आला की तिचा आवाजही येतो. शुद्ध रूपानं तसं होत नाही.

नवी मुंबई वसवणारी सिडको १९७० साली आली. त्यानंतर आमची भातशेती, खाजणं, मिठागरं गेली आणि त्यांच्या जागी सेक्टरचे आकडे आले. प्रत्येक शेताला नाव होतं. वडिलांना त्यांतली बरीच येत, मला चार येतात. ही नावं तुमच्या राज्यात पोचली असतील, तर त्या राखणदार बाईंना ‘इसरले’ हा शब्द कळायला हवा, एवढंच म्हणणं.

नौपाडा, ठाणे:

घणसोलीकर, तुमचं लिहिणं नातीला वाचून दाखवलं. आता आमची राखणदार बाई ‘इसरले’ असंच म्हणते. त्या चार शेतांची नावं इथे लिहून ठेवा, अगदी मनापासून सांगते.

नावाचं असं झालं. काल संध्याकाळी आम्ही दोघी तलावपाळीला गेलो होतो. कोपिनेश्वराच्या बाजूनं येताना तिनं विचारलं, “पाळी म्हणजे काय?” मी तिच्या कानाची पाळी धरली आणि म्हटलं, हीच. कानाची कड ती पाळी, तळ्याची कड तीही पाळ. मासुंदा तळ्याच्या काठानं जाणाऱ्या रस्त्याला त्यावरूनच ते नाव पडलं. कठड्याला टेकून ती बराच वेळ पाण्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, “विसर पडतो तो पाण्यात पडत असेल. मग आठवण वर येते.”

चार दिवस मी ‘कुठून’वर अडले होते आणि ‘वर’ हा शब्द रोज तोंडात असून दिसला नव्हता. ‘नाव ओठावर आलंय’, ‘मनात खोल कुठेतरी आहे’, हे आपण म्हणतोच. पडायला तळ हवा आणि यायला काठ हवा. लोक, देश, वाडी यांपैकी कशातच ते नाही. राज्याचं नाव ठरलं: विसरतळं. राखणदार बाई पाळीवर बसते आणि वर आलेलं टिपते.

रात्री अंथरुणात पुढचा प्रश्न आला. ठाण्यातली काही तळी बुजवली हे तिनं कुठेतरी ऐकलंय. “विसरतळं बुजवलं तर?” ‘बुजणं’ हा शब्दही असाच आहे. खड्डा बुजतो, विहीर बुजते आणि पाटीवरची अक्षरंही बुजतात. माझ्या आईची अलीकडची दोन वर्षं आठवली. तिला घरातल्यांची नावं येत नव्हती, पण तांदूळ निवडताना हात बरोबर चालायचे. हे नातीला सांगितलं नाही. ‘गाळ उपसणं’ म्हणजे काय ते सांगितलं. आज राखणदार बाई घमेलं घेऊन तळ्यात उतरणार आहे.