तसबीर की व्यक्तिचित्र?

अनुस्वार: एका प्रदर्शनाच्या फलकांचं भाषांतर करतोय. जेम्स वेल्स या स्कॉटिश चित्रकाराने १७९० च्या दशकात पुण्यात सवाई माधवराव आणि नाना फडणवीसांना रंगवलं. मी 'तसबीर' लिहिलं, संपादकबाईंनी खोडून 'व्यक्तिचित्र' केलं. मला तर 'व्यक्तिचित्र' म्हटलं की दिवाळी अंकातला लेख आठवतो.

रानजाई: तसबीर नकोच. आजीचा फोटो मोठा करून फ्रेम करून आणला, तर काका म्हणाला, "झकास तसबीर!" आजी कडाडली, "मेल्या, मी अजून चुलीपुढे आहे, भिंतीवर गेले नाही." ती होती तोवर फ्रेम कपाटात उलटीच.

मोडीवाला: हा अलीकडचा अर्थसंकोच. देवांच्याही तसबिरीच की! आणि परकी म्हणून हाकलायची असेल तर फलकावरचं 'फडणवीस'ही काढा, तेही फारसीच.

शुद्धमती: 'छबी' घ्या ना, संस्कृतातून आलेला. त्यावरूनच देवाचा छबिना.

मोडीवाला: अहो, छबिना फारसी 'शबीना'वरून. शब म्हणजे रात्र. आधी रात्रीची गस्त, मग रात्रीची पालखी.

शुद्धमती: असेल. आमच्या जत्रेत मुखवटा सजवतात, तो बघायला लोक जागतात. त्यांच्या मनात छबीच असते.

कोल्हापुरी काका: टाक विसरलात सगळे. चांदीच्या पत्र्यावर उठवलेला घोडेस्वार, आमच्याकडे पूर्वज म्हणून देव्हाऱ्यात. सगळ्यांचे नाक-डोळे सारखे, सोनाराच्या एकाच ठशातले. तरी वाटणीत जमिनीपेक्षा जास्त भांडण त्यावरून. टाक ज्याच्याकडे, तो थोरला! चेहरा जुळायलाच हवा असं कुठाय?

रानजाई: मग शिवाजी महाराजांचं काय? इतिहाससंशोधक वा. सी. बेंद्र्यांनी १९३३ मध्ये डच चित्र पुढे आणलं, तोवर भलत्याचंच चित्र महाराज म्हणून छापलं जायचं. खरा चेहरा लागतोच.

कोल्हापुरी काका: त्या भलत्या चित्रालाही लोक हात जोडतच होते ना? आणि आज शाळेच्या गॅदरिंगला दाढी चिकटवली, जिरेटोप घातला की चौथीतलं पोरगं महाराज. टाळ्या पडतात.

रानजाई: ती दाढी कुठल्या चित्रातली, तेच तर म्हणतेय!

अनुस्वार: मंडळी, फलक उद्या छपाईला जातोय. 'तैलचित्र' लिहून मोकळा होऊ?

मोडीवाला: तैलचित्र डोंगराचंही असतं. काका, हा 'टाक' टांकसाळीतलाच का हो?

कोल्हापुरी काका: सोनाराला विचारतो. तो म्हणेल त्याच्या आजोबांनी काढला शब्द.