दैनंदिन मालिकेत मुख्य भूमिका: करारावर सही करण्याआधी काय बघायचं?

निशिगंध

भाची पुण्याची. आधी प्रायोगिक, आता एका व्यावसायिक नाटकात काम करते. एका मराठी वाहिनीच्या नव्या दैनंदिन मालिकेसाठी तिच्या दोन ऑडिशन आणि लुक टेस्ट झाली, मुख्य भूमिकेसाठी होकार आलाय. आठवड्याभरात करार हातात पडेल. घरात या क्षेत्रातलं कोणी नाही. महिन्याचे किती दिवस जातात, नाटक सांभाळता येतं का, पैसे कधी मिळतात, करारात नेमकं काय वाचायचं आणि मालिका संपल्यावर पुढे काय होतं, हे जाणकारांनी सांगावं. ग्लॅमरबद्दल भरपूर वाचलंय, कामाबद्दल लिहिलेलं फारसं सापडत नाही.

कॉलशीट

निशिगंध, आधी साधा हिशोब मांडा. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटांचं चित्रण लागतं. आठवड्याला सहा भाग म्हणजे १३२ मिनिटं, महिन्याला २६ भाग. युनिट महिन्यातून २२ ते २५ दिवस शूट करतं, म्हणजे रोज एक भाग पुरा झाला तरी मागे पडायला होतं. मुख्य नायिका जवळपास प्रत्येक भागात असते, त्यामुळे तिचेही २० ते २५ दिवस जातात. सुरुवातीला प्रक्षेपणाआधी काही भागांची बँक तयार असते. ती पहिल्या दोन-तीन महिन्यांत संपते आणि मग आज शूट झालेलं दोन-तीन दिवसांत पडद्यावर जातं. खरी दमछाक तिथून सुरू होते.

शिफ्ट १२ तासांची. सकाळी ९ ची शिफ्ट असेल तर नायिकेचा कॉल टाइम त्याच्या तासभर आधीचा, कारण मेकअप, हेअर, साडी. लग्नाचा ट्रॅक, सणांचे भाग, महाएपिसोड या काळात शिफ्ट हमखास लांबते. म्हणून दोन शिफ्टच्या मधली विश्रांती किती तासांची आणि जादा वेळेचे पैसे कसे, हे करारात लिहून घ्या. सेटवर व्हाउचर किंवा मस्टरवर सही करताना आल्याची आणि सुटल्याची खरी वेळ स्वतःच्या हाताने टाकायची. रोज त्याचा फोटो काढून ठेवायचा. पुढे वाद झाला तर एवढाच पुरावा असतो.

मानधन ‘पर डे’ असतं. लोक त्या आकड्यावर घासाघीस करतात आणि महिन्याला किमान किती दिवसांची हमी आहे हे विचारतच नाहीत. माझ्या मते करारातली सगळ्यात महत्त्वाची ओळ हीच. कथानक दुसऱ्या जोडीकडे वळलं, नायिका ‘माहेरी गेली’ किंवा ‘बेपत्ता झाली’, की तिचे दिवस २२ वरून ९ वर येतात. त्यातही तारखा तिने अडवूनच ठेवायच्या, म्हणजे बाहेरचं दुसरं कामही नाही. हमी असेल तर न बोलावलेल्या दिवसांचे पैसेही मिळतात. थोडा कमी पर डे घेऊन २० दिवसांची हमी मिळत असेल तर तीच घ्यावी.

नाटकाचं म्हणाल तर शक्य आहे, पण तोंडी शब्दावर अजिबात नाही. महिन्याला अमुक इतके प्रयोग, त्यांच्या तारखा मागच्या महिन्याच्या अमुक दिवशी कळवल्या जातील आणि प्रयोगाच्या दिवशी तिला अमुक वाजता सोडलं जाईल, असं स्पष्ट कलम हवं. रविवार दुपारचा प्रयोग पुण्यात आणि शूट ठाण्याच्या घोडबंदर रोडला असेल तर ‘लवकर सोडतो’ याला अर्थ नाही, सबंध दिवसच मोकळा लागतो. प्रयोगाच्या तारखा नाट्यनिर्मात्यानेच प्रॉडक्शनला कळवाव्यात, भाचीने मध्ये निरोप्या होऊ नये. दोन्हीकडचा रोष तिच्यावर येतो.

सेट कुठे आहे तेही आधी विचारा. फिल्मसिटी, मढ, ठाणे हे नेहमीचं. पण ‘तुझ्यात जीव रंगला’ कोल्हापूरजवळ वसगडेला झाली, ‘रात्रीस खेळ चाले’ सावंतवाडीजवळ आकेरीला. सेट बाहेरगावी असेल तर राहण्याची सोय, स्वतंत्र खोली, येण्याजाण्याचा खर्च आणि रात्री सुटल्यावर गाडी, सगळं लेखी.

वहीखातं

पैशांचं मी सांगतो. या धंद्यात ९० दिवसांची उधारी हा रिवाज आहे. एप्रिलमध्ये केलेल्या कामाचं बिल महिनाअखेरीस जातं, पैसे जुलैअखेर येतात. म्हणजे पहिल्या दिवसापासून पहिली रक्कम हातात यायला चार महिने. तोवर मुंबईतलं घरभाडं, डिपॉझिट, प्रवास स्वतःचा. चार-पाच महिन्यांचा खर्च आधी बाजूला असल्याशिवाय मुंबईत बिऱ्हाड करू नये.

मिळणाऱ्या रकमेतून १० टक्के टीडीएस, म्हणजे देणाऱ्याने आधीच कापून भरलेला आयकर, कापला जातो. तेवढ्याने कर भागला असं बऱ्याच जणांना वाटतं आणि मार्चमध्ये धक्का बसतो. उत्पन्न चांगलं असेल तर उरलेला कर आगाऊ भरायचा असतो. १५ जून, १५ सप्टेंबर, १५ डिसेंबर आणि १५ मार्चपर्यंत अनुक्रमे १५, ४५, ७५ आणि १०० टक्के. चुकलं की व्याज. कापलेला टीडीएस खरोखर तिच्या पॅनवर जमा झालाय का, हे दर तिमाहीला तपासायचं.

आता जीएसटी. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की नोंदणी सक्तीची. महिन्याचं बिल ३ लाख धरलं (हा आकडा फक्त उदाहरणाला) तर सातव्या महिन्यात ती रेषा ओलांडली जाते. मग प्रत्येक बिलावर १८ टक्के, म्हणजे ५४,००० रुपये. हा कर पैसे मिळाल्यावर नव्हे, बिल केल्यावर देय होतो आणि मासिक विवरणपत्राबरोबर पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरायचा असतो. उधारी ९० दिवसांची असल्याने कुठल्याही वेळी दोन-तीन बिलांचा कर, म्हणजे १,६२,००० रुपयांपर्यंत, तिच्या खिशातून गेलेले असतात. निर्माता अडचणीत आला तर तेही अडकतात. म्हणून निदान जीएसटीची रक्कम बिलाबरोबर लगेच द्यावी, अशी ओळ करारात मागून पाहावी. अनेक निर्माते मान्य करतात. मानधनाचा आकडा ‘जीएसटी वेगळा’ आहे की धरून, हेही लिहून घ्या. नाहीतर १८ टक्के तिच्याच मानधनातून जातील.

सिंटाचं, म्हणजे सिनेमा-टीव्ही कलाकारांच्या संघटनेचं, सदस्यत्व वेळेत घ्यावं. थकबाकीची तक्रार तिथे नेता येते, पण करार, व्हाउचर आणि बिलाच्या प्रती असतील तरच तिला वजन येतं. आणि ऑडिशन, पोर्टफोलिओ, ‘रजिस्ट्रेशन’ यासाठी कोणी पैसे मागितले तर तिथून सरळ उठायचं. कोऑर्डिनेटरचं, म्हणजे काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थाचं, कमिशन मिळालेल्या मानधनातून जातं, आधी कधीच नाही.

रंगपट

वरच्या दोघांनी कागद सांगितला, मी सेट सांगते. नाटकातून येणाऱ्या मुलींचा आवाज आणि पाठांतर तयार असतं, अडतं ते कंटिन्युइटीवर, म्हणजे तुकड्यातुकड्यांत शूट झालेले सीन एकमेकांशी जुळवण्यावर. एका लोकेशनचे सगळे सीन एकत्र उरकतात. सकाळी २१२ व्या भागातलं भांडण, दुपारी २०९ व्या भागातला चहा, आणि भांडणाचं कारण असलेला सीन तीन दिवसांनी. असिस्टंट फोटो काढतातच, तरी तिने स्वतःच्या मोबाइलवर प्रत्येक सीनचे तीन फोटो ठेवावेत, समोरून, बाजूने आणि हातांचा. मंगळसूत्राच्या वाट्या पदराच्या आत की बाहेर, पदर पिन केलेला की सुटा, बांगड्या कुठल्या हातात किती, केसांची बट कुठल्या बाजूला. त्याच नोंदीत भावनेचीही एक ओळ लिहावी: ‘आधी रडून आलेय, आवाज बसलेला’. तीन दिवसांनी ही एक ओळ फार उपयोगी पडते.

सीनचे कागद पुष्कळदा त्याच सकाळी येतात, कधी लाइटिंग चालू असताना. शब्द रेटत बसण्यापेक्षा आधी सीनमध्ये आपल्याला काय हवंय आणि कुठल्या वाक्याला वळण आहे ते हेरावं. प्रॉम्प्टिंगची सवय मात्र लावून घेऊ नये. क्लोजअपमध्ये कान टवकारलेले दिसतात आणि डोळे रिकामे पडतात. दुसरं म्हणजे मास्टर शॉटमध्ये, म्हणजे सबंध सीन लांबून घेतात त्या शॉटमध्ये, सगळं रडून संपवू नये. त्यानंतर तिचा क्लोजअप आणि समोरच्याच्या खांद्यावरून तिचा शॉट (सजेशन) घेतला जातो, तेव्हा डोळ्यांत काही उरत नाही.

ग्लिसरीन डोळ्यांत घालायचं नसतं. खालच्या पापणीच्या किंचित खाली, बाहेरच्या कोपऱ्याकडे, अगदी थोडं लावायचं. कॉन्टॅक्ट लेन्स असतील तर तेही टाळावं. लेपल माइक साडीखाली असतो. कडक सिल्क आणि काचेच्या बांगड्या यांचा आवाज संवादावर चढतो, म्हणून मधल्या बांगड्यांना पारदर्शक टेप लावून त्या एकत्र बांधतात.

एक गोष्ट कोणी सांगत नाही, म्हणून मुद्दाम लिहिते. चिकटणारी टिकली रोज १२ तास, महिन्याचे २५ दिवस एकाच जागी लावली तर त्या गोंदातल्या रसायनाने कपाळावर पांढरा डाग पडू शकतो. खाज आली, लाली दिसली की त्याच दिवशी टिकली बंद करून मेकअप आर्टिस्टला कपाळावर रंगाने रेखाटायला सांगावं आणि त्वचारोगतज्ज्ञाला दाखवावं. डाग एकदा पडला की बरा व्हायला फार वेळ लागतो, कधी पूर्ण जातही नाही. आपले ब्रश आणि स्पंज स्वतःचे ठेवावेत, लिपस्टिक तर नक्कीच.

निशिगंध

तिघांचे मनापासून आभार, हमीच्या दिवसांचा मुद्दा आमच्या डोक्यातच नव्हता. एक राहिलं: मधेच सोडावी लागली तर? आणि पुढच्या कामाचं काय?

कॉलशीट

करार बहुतेक वेळा एकतर्फी असतो. निर्माता कधीही थांबवू शकतो, कलाकाराला मात्र नोटीस, साधारण एक ते तीन महिन्यांची. दोन्ही बाजूंना सारखी नोटीस मागा. आजारपण, बाळंतपण, घरातलं मोठं संकट यासाठी वेगळी तरतूद मागा. एक्सक्लुसिव्हिटीचं, म्हणजे बाहेरचं काम न करण्याचं, कलम शब्द न् शब्द वाचा. दुसऱ्या वाहिनीची मालिका नको, इथवर ठीक आहे. पण नाटक, सिनेमा, जाहिरात, वेबसीरिज सगळ्यालाच ‘पूर्वपरवानगी’ असेल तर निदान नाटक त्यातून वगळून घ्या. मालिका संपल्यावरही बंधन किती महिने चालू राहतं, ते पाहा. उद्घाटनं आणि समाजमाध्यमांवरच्या जाहिराती यांच्या कमाईत वाहिनीचा वाटा लिहिलेला असतो, तोही बघा.

बदली हा अपमान मानू नये. ‘माझ्या नवऱ्याची बायको’मध्ये रसिका सुनील शिक्षणासाठी गेली तेव्हा २०१८ मध्ये ईशा केसकर शनाया झाली, आणि २०२० मध्ये रसिका परतही आली. तेजश्री प्रधानने २०२५ च्या सुरुवातीला ‘प्रेमाची गोष्ट’ सोडली, स्वरदा ठिगळे आली, मालिका चालू राहिली, आणि त्याच वर्षी तेजश्री दुसऱ्या वाहिनीवर नव्या मालिकेत मुख्य भूमिकेत दिसली. नीट नोटीस देऊन निघालेल्यांना दारं बंद होत नाहीत. तारखा बुडवून निघालेल्यांची आठवण मात्र प्रत्येक प्रॉडक्शन हाउस ठेवतं.

दर गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात आणि त्यावरून ट्रॅक, वेळ, कधी कधी पात्राचा स्वभावही बदलतो. तो निकाल नायिकेच्या अभिनयावरचा नसतो. समोरच्या वाहिनीवर त्या वेळी काय लागलंय, यावर निम्मं ठरतं. हे तिच्या मनावर आधीच बिंबवा.

रंगपट

पुढच्या कामाबद्दल थोडं. साचा बसण्याची भीती खरी आहे, पण तो मोडतोही. कविता लाडने ‘चार दिवस सासूचे’सारखी २००१ ते २०१३ चाललेली मालिका केली आणि २०१८ मध्ये प्रशांत दामलेंबरोबर नव्या नाटकात उभी राहिली. अनिता दाते ‘माझ्या नवऱ्याची बायको’मध्ये साडेचार वर्षं राधिका होती, लगेच ‘मी वसंतराव’मध्ये वसंतरावांच्या आईच्या भूमिकेत वेगळीच दिसली. मुक्ता बर्वेने मालिका मोजक्याच घेतल्या आणि ‘रुद्रम’सारखी मर्यादित भागांची निवडली. रंगभूमीशी संबंध तुटला नाही की दुसरं काम मागायला जागा राहते. म्हणून महिन्याला दोन प्रयोग मिळाले तरी ते सोडू नयेत.

आणि करारासोबत निर्मात्याच्या अंतर्गत तक्रार समितीच्या सदस्यांची नावं आणि ईमेल मागून घ्या. दहा किंवा अधिक माणसं काम करतात तिथे २०१३ च्या कायद्याने ती समिती सक्तीची आहे, आणि लैंगिक छळाची तक्रार लेखी, घटनेपासून तीन महिन्यांच्या आत द्यायची असते. मागितल्याने कोणी नाराज होत असेल तर तेही सहीआधीच कळलेलं बरं.