मदत हवी आहे: मॅड्रोनचं झाड शेंड्याकडून काळं पडतंय, पाणी वाढवू की बंद करू?

मंडळी, सिअ‍ॅटलच्या बाजूला कोणी राहत असाल किंवा झाडांतलं कळत असेल तर प्लीज वाचा, फार काळजीत आहे.

दोन वर्षांपूर्वी आम्ही इथे घर घेतलं ते खरं तर मागच्या उतारावरच्या एका झाडामुळेच. पन्नासेक फूट उंच, पाण्याच्या दिशेला कललेलं, आणि खोड असं की येणारा प्रत्येक जण आधी हात लावून बघतो. लालसर तपकिरी साल कागदासारखी सुटून गुंडाळली जाते नि आत पिस्त्यासारखं हिरवट गुळगुळीत अंग. आपल्याकडे पेरूची साल सुटते ना तसंच, पण रंग कितीतरी भडक. शेजारच्या आजी त्याला मॅड्रोन म्हणतात, व्हँकुव्हरचा मित्र आर्ब्यूटस म्हणतो आणि नर्सरीवाला फोटो बघून म्हणाला स्ट्रॉबेरी ट्री.

तर झालं असं की गेल्या वर्षी आम्ही मागे लॉन केलं, स्प्रिंकलर बसवले, त्यासाठी माती थोडी उकरली आणि दक्षिणेकडची फरची दोन झाडं काढली. आता जुलैत दोन फांद्या शेंड्याकडून काळ्या पडल्यात, जाळल्यासारख्या, आणि खाली पिवळ्या-केशरी पानांचा खच पडतोय. आई एप्रिलपासून इथे आहे, तिला वाटलं उन्हाने सुकतंय, म्हणून ती रोज संध्याकाळी बुंध्याशी नळी लावून बसते, साताऱ्याला आंब्याला घालायची तसं. तिला पाणी घालू नको म्हणायला मलाच धीर होत नाहीये.

हे नक्की कुठलं झाड? पाण्याचं काय करू? आणि कुंपणापाशी चार इंचांचं एक रोप आलंय, ते हलवून नीट जागी लावता येईल का?

प्रतिसाद १

ताई, वर्णनावरून मॅड्रोनच. मॅड्रोन आणि आर्ब्यूटस एकच, कॅनडात आर्ब्यूटस म्हणतात. स्ट्रॉबेरी ट्री त्याचा भूमध्य समुद्राकडचा भाऊबंद, त्याच्या पानांच्या कडा करवतीसारख्या असतात आणि शरद ऋतूत फुलं-फळं एकदमच झाडावर दिसतात. मोठ्या मॅड्रोनच्या पानाची कड बहुतेक सरळ असते, पांढरी घटासारखी फुलं वसंतात येतात, लाल फळं शरदात, मग रॉबिन नि वॅक्सविंग हे पक्षी तुटून पडतात. रोपाच्या पानांना मात्र दाते असू शकतात, त्यावरून गोंधळू नका. तुमच्याकडचा सिअ‍ॅटलमधला मॅग्नोलिया भाग माहीत असेल, तिथल्या मॅड्रोनना कोणीतरी मॅग्नोलियाची झाडं समजलं म्हणून ते नाव पडलं असं सांगतात.

पानांच्या खचाची भीती नको. झाड सदाहरित असलं तरी जुनी पानं उन्हाळ्यातच रंग बदलून गळतात, सालही तेव्हाच सुटते.

प्रतिसाद २

पानांचं बरोबर, पण काळ्या फांद्या सोडून देऊ नका. जाळल्यासारखं दिसतं ते बहुतेक कँकर, म्हणजे साल नि फांदी मरत जाण्याचा रोग, बुरशीमुळे होतो, आणि ताण आलेल्या, जखमी झालेल्या झाडाला जास्त धरतो. मुळं उकरली गेली, फर गेल्यावर इतकी वर्षं सावलीत असलेली साल एकदम उन्हात आली, वरून लॉनचं पाणी. मला तरी सगळं एकाच दिशेला जाताना दिसतंय.

हे झाड कोरड्या उन्हाळ्याचं आहे हो. पाऊस हिवाळ्यात, उन्हाळा कोरडा, आणि निचऱ्याची खडकाळ जमीन, अशीच त्याची सवय. उन्हाळ्यात बुंधा ओला राहिला की फायटोप्थोरासारखी मूळकूज लागू शकते. स्प्रिंकलर त्या बाजूचे आजच बंद करा, झाडाखालचं लॉन काढा पण खणू नका, गळलेली पानं तशीच राहू द्या. मेलेल्या फांद्या पाऊस नसताना आर्बरिस्टकडून, म्हणजे झाडांच्या तज्ज्ञाकडून, कापून घ्या. वरचं बरंच गेलं तरी मुळं शाबूत असतील तर बुंध्याच्या गाठीतून फुटवे येतात, वणव्यानंतर ही झाडं अशीच परत उभी राहतात.

रोप हलवू नका. मुळं दुखावलेली अजिबात चालत नाहीत, शिवाय मातीतल्या बुरशीशी त्यांचं सख्य असतं. नवीन हवंच असेल तर पिकलेल्या फळाचा गर धुऊन बी ओल्या वाळूत फ्रिजमध्ये दीडेक महिना ठेवा, मग पेरा, आणि रोप एक फुटाच्या आत असतानाच पावसाळी दिवस सुरू होताना कायमच्या जागी लावा.

मूळ प्रश्नकर्ती

खूप आभार दोघांचे. स्प्रिंकलर बंद केले. आईला फांदी दाखवून सगळं वाचून दाखवलं, ती बराच वेळ खोडाला हात लावून उभी राहिली आणि मग स्वतःच नळी गुंडाळून गॅरेजमध्ये ठेवली. रोपाभोवती चार काठ्या रोवल्यात म्हणजे गवत कापताना चुकून जाणार नाही. आर्बरिस्ट मंगळवारी येतोय, काय म्हणतो ते इथेच लिहीन.