लेन्स गेलेला प्लेस्टेशन २ आणि बायोसचं झेंगट

ऐरोलीकर: दादाचा प्लेस्टेशन २ माळ्यावर सापडला. डिस्क वाचणारी लेन्स मेलीय, गेमच्या डिस्क मात्र चकाचक. लॅपटॉपवर पीसीएसएक्स२ (प्लेस्टेशन २ चे गेम कॉम्प्युटरवर चालवणारं सॉफ्टवेअर) टाकलं तर बायोस (मशीनच्या आतलं मूळ सॉफ्टवेअर) मागतंय. आई म्हणते भंगारवाल्याला दे. देऊ?

नौपाडा_बंड्या: खबरदार! बायोस त्या डब्यातूनच काढायचा असतो. नेटवरून उतरवलेला कॉपीराइटमध्ये बसत नाही. फ्री एमसीबूट नावाचं सॉफ्टवेअर असलेलं प्लेस्टेशनचं मेमरी कार्ड मिळव. मशीन त्यावरून सुरू होतं, लेन्स लागतच नाही. मग बायोस थेट पेनड्राइव्हवर. फक्त मागचा मॉडेल नंबर बघ, शेवटच्या ९०००० मालिकेतल्या बऱ्याच मशीनवर हे चालत नाही.

ऐरोलीकर: ७७००० वाला आहे. वाचलो!

वाशी_सेक्टर१७: डिस्कसाठी यूएसबी डीव्हीडी ड्राइव्ह लागेल. चंदेरी डिस्कची आयएसओ (अख्ख्या डिस्कची हुबेहूब नक्कल असलेली फाइल) काढ. खालून निळी असेल तर ती सीडी, तिची बिन-क्यू (तशाच नकलेच्या दोन फाइल्सची जोडी). वेगळं ग्राफिक्स कार्ड आहे का?

ऐरोलीकर: नाही हो, ऑफिसचा जुना आय३ लॅपटॉप.

वाशी_सेक्टर१७: मग रिझोल्यूशन नेटिव्हच, म्हणजे मूळ मशीनइतकंच ठेव. चित्र जरा भुरकट दिसेल, पण आपण तेव्हा डब्बा टीव्हीवर तसंच बघायचो की!

नौपाडा_बंड्या: आणि ऑफिसच्या आयटीवाल्याला कळू देऊ नकोस.