ब्रेक शिफ्टचा हिशेब

'हल्लीच्या मुलांना कष्ट नकोत, म्हणून हॉटेलांत कोणी टिकत नाही' असं बरेच जण म्हणतात, ते अर्धंच पटतं. कष्टांपेक्षा ब्रेक शिफ्ट, म्हणजे मध्ये काही तासांची खंड पाडून दोन तुकड्यांत करायची ड्युटी, छळते. माझा भाचा दादरच्या केटरिंग कॉलेजातून बाहेर पडून दक्षिण मुंबईतल्या एका मोठ्या हॉटेलात लागला. अकरा ते तीन, मग सात ते अकरा. कागदावर आठ तास. राहायला बदलापूर! मधल्या चार तासांत घरी जाऊन येणं अशक्य, म्हणून लॉकर रूममध्ये बाकावर आडवं व्हायचं. रात्री शेवटचं टेबल रेंगाळलं की कर्जत लोकलमागे धावायचं. दीड वर्षाने क्रूझवर गेला. तिथेही दहा-अकरा तास राबतो, पण बिछाना दोन जिने खाली.

दुकाने व आस्थापनांच्या २०१७ च्या कायद्यात रात्री साडेनऊनंतर काम करणाऱ्या बायकांसाठी जाण्यायेण्याच्या सोयीची अट आहे. पुरुषांसाठी तसं काही नाही, त्यामुळे ड्रॉप, म्हणजे घरी सोडायला हॉटेलची गाडी, मिळणार की नाही हे मॅनेजरच्या मर्जीवर.